पहिल्या नातीचं नाव

१२ जानेवारी

आज पुन्हा सासूबाईंनी विषय टाळला.

भाकऱ्या थापता थापता मी सहज विचारल्यासारखं विचारलं, "नान, मुलगी झाली तर तुमचंच नाव ना?"

त्या चुलीतलं लाकूड मागेपुढे करत राहिल्या. मग म्हणाल्या, "मुलगा होईल. पोट टोकदार आहे."

"आणि मुलगी झाली तर?"

"तर तिच्या नशिबात असेल ते नाव."

आता याला काय म्हणायचं? पहिल्या मुलीला बापाच्या आईचं नाव, हे आमच्या पाचाख गावातलं शेंबडं पोरसुद्धा सांगेल. त्यात विचारण्यासारखं काही नसतं. सासवा उलट वाट बघत असतात. आपलं नाव घेऊन कोणीतरी अंगणात धावेल, आपली जागा भरून निघेल, मग मरायला भीती नाही, असं म्हणतात. आमच्या नान मात्र नाव मागितलं की एखाद्यानं शेवटची कोंबडी मागावी तशा बघतात.

आणि नाव तरी किती सुंदर! कागदावर त्या पेत्रोना. ते पाद्रीबाबानं ठेवलेलं. घरातलं, त्यांच्या आजीकडून आलेलं नाव इश्कानिल. कानिल म्हणजे बी. पिकून पिवळं झालेलं, पुढच्या पेरणीसाठी आढ्याला टांगून ठेवलेलं मक्याचं बी. आधी 'इश्' लागलं की ते बाईचं होतं. सैनिक आम्हा माया लोकांना वेचून मारत होते त्या वर्षांत असली नावं कोणी चारचौघांत घेत नसत, नान सांगतात. आता नोंदणी कार्यालयातही लिहून घेतात.

मी दर सोमवारी रेडिओवर दुसऱ्यांच्या पोरांची नावं सांगते. आमच्या गावच्या केंद्रावर माझा कार्यक्रमच तो आहे, 'नवे आलेले'. कोणाकडे कोण जन्मलं, कोणतं जुनं माया नाव मिळालं, त्याचा अर्थ काय, कोणाकडून आलं. लोक कामं टाकून ऐकतात. माझ्या स्वतःच्या पोरीच्या वेळी मी काय सांगू? सासूनं दिलं नाही म्हणून?

मी दरीपलीकडची, चिरिखुयूची, म्हणून हे सगळं. लग्नाला तीन वर्षं झाली तरी माझ्या आंबिलीला त्यांना धुराचा वास येतो.

१६ जानेवारी

एलिआस काल रात्री शेलाहून आला. दर गुरुवारी तो गावचा कोबी-गाजर ट्रकमधून तिथल्या बाजारात नेतो. आल्यावर गप्प असतो. बाजार माणसाला पिळून काढतो.

सकाळी मी ट्रकमध्ये पाण्याची बाटली शोधायला गेले तर सीटखाली लहान मुलीचे रबरी बूट. लाल, कोरे.

"हे कोणाचे?"

"सेसारच्या पोरीचे. गेल्या खेपेला तो विसरला. परत द्यायचेत."

सेसारला मुलगी आहे हे मला माहीत नव्हतं. असेल. त्याच्या बाजारातल्या मित्रांची पोरं मी कुठवर लक्षात ठेवणार?

नावाबद्दल त्यालाही विचारलं. म्हणाला, "नानला वाटेल ते."

"तुला काय वाटतं? इश्कानिल नाव तुला आवडत नाही?"

"चांगलं नाव आहे," तो म्हणाला, आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. खरंच आलं. मी बघत राहिले. आईवर इतका जीव असलेला पुरुष मिळायला नशीब लागतं. मी ठरवलं, आता मागे हटायचं नाही. त्याच्यासाठी तरी.

२ फेब्रुवारी

मुलगी. पहाटे. आम्ही दोघी धड आहोत. लिहायला हात उचलत नाही.

९ फेब्रुवारी

नाव ठेवलं. माझंच खरं झालं, पण गंमत अशी की जिंकल्यासारखं वाटत नाही.

गावातले वडीलधारे तात शेप आले होते. गावची जुनी दिनगणना तेच राखतात, कोणता दिवस कुत्र्याचा, कोणता मक्याचा ते त्यांना तोंडपाठ. जमिनीवर पाइनच्या हिरव्या काड्या पसरल्या होत्या, मेणबत्त्या, धूप, सगळं रीतसर. माझं अंग बाळंतिणीच्या वाफघरातून नुकतंच निघालेलं, मऊ आणि रिकामं. तातांनी बाळाचा दिवस मोजला आणि हसले. "कुत्र्याच्या दिवशी जन्मलीय. पुरलेलं हाड उकरल्याशिवाय राहायची नाही ही."

सगळे हसले. नान हसल्या नाहीत.

मग त्यांनी विचारलं, "नाव कोणाचं?"

एलिआस एक मेणबत्ती सरळ करत राहिला. मग मीच म्हटलं, "इश्कानिल. आजीचं."

नान म्हणाल्या, "एक बी दोन खड्ड्यांत पेरता येत नाही."

मला इतका संताप आला! नातीला नाव द्यायचं तर असं बोलायचं? मी म्हटलं, "एका कणसाला दाणे किती असतात, नान? की मोजून ठेवलेत?"

असं सासूला पाहुण्यांसमोर बोलू नये. पण बोलून गेले. नान माझ्याकडे बघत राहिल्या. रागानं नाही. कशानं ते मला सांगता येत नाही.

तात शेप एलिआसकडे वळले. "बापाच्या तोंडून हवं."

"इश्कानिल," एलिआस म्हणाला. इतकं हळू, की तातांनी कान पुढे केला.

"कितवी मुलगी?"

हे विचारतातच, विधीत आहे. एलिआस मेणबत्त्यांकडे बघत म्हणाला, "पहिली."

धूप टाकायला उचललेला तातांचा हात तसाच राहिला. वय झालंय त्यांचं. मग टाकला. नान चुलीकडे निघून गेल्या. नंतर डोळे लाल होते. धूर, म्हणाल्या.

१६ फेब्रुवारी

घरातून फोनवरच 'नवे आलेले' सांगितलं. केंद्रावर गास्पारनं फोन माइकला लावला. तो यंत्रं सांभाळतो आणि दर दोन वाक्यांनी खोकतो, म्हणून त्याला आधी बाहेर जायला सांगितलं.

मी म्हटलं, "आज माझ्याच घरची बातमी. पाचाखच्या एलिआस इश्कोय आणि कातालिना यांना पहिली मुलगी झाली. नान पेत्रोनाची ही पहिली नात. आजीचं नाव तिनं घेतलं आहे, इश्कानिल, पेरायला राखलेलं बी. आजीनं ते आनंदानं दिलं."

शेवटचं वाक्य खोटं होतं. पण रेडिओवर सासूची अब्रू कशाला घालवायची?

नंतर दिवसभर लोक कोंबड्या, अंडी, साखरेचे पुडे घेऊन येत होते. दोघी-तिघी मात्र जरा विचित्र वागल्या. शेजारची नान लेन बाळाला हातात घेऊन म्हणाली, "पहिली, नाही का," आणि सासूबाईंकडे बघून जीभ चावली. लोकांना दुसऱ्याचं सुख बघवत नाही.

२३ मार्च

आजपासून पुन्हा केंद्रावर जायला लागले. बाळ पाठीला.

गास्पार म्हणाला, "एक बाई दोनदा येऊन गेली तुझ्यासाठी. चुइशाकची. मी म्हटलं, सोमवारी येईल."

चुइशाक म्हणजे शेलाच्या रस्त्यावरची वस्ती. तिथपर्यंत आमचा आवाज जेमतेम जातो.

कार्यक्रम संपवून मी बाहेर आले तर ती ओट्यावर बसलेली. माझ्याच वयाची, विणकराची बोटं. बरोबर सात-आठ वर्षांची मुलगी. पाऊस नाही की चिखल नाही, आणि पायात लाल रबरी बूट.

मी ते बूट ओळखले. तरीही मला काही कळलं नाही. सेसारची बायको असेल, असंच मनात आलं.

"रेडिओवरची तालिन तूच?" बाई म्हणाली. "आवाजावरून जाड वाटली होतीस."

मी हसले. ती नाही हसली. "माझं नाव देल्फिना. हिला तुला काहीतरी विचारायचंय. मी म्हटलं, जाऊ दे. ऐकेना."

मुलगी उभी राहिली. शाळेत कविता म्हणायला उभं राहतात तशी, हात सरळ. "माझी आजी मेली का?"

"कोण तुझी आजी, बाळ?"

"नान पेत्रोना. पाचाखची. माझं नाव तिचं आहे. तिनंच ठेवलं, आमच्या घरी येऊन." एका दमात बोलत होती. "तुम्ही रेडिओवर म्हणालात, ते नाव आता बाळाला दिलं. पहिली नात म्हणालात. ती मेली आणि नाव परत घेतलं, असं झालं का? की तुमची चूक झाली?"

माझ्या पाठीवर माझी मुलगी झोपेत उचकी देत होती.

मी म्हटलं, "पाचाखमध्ये पेत्रोना पुष्कळ आहेत."

"तिच्या हनुवटीवर भाजल्याचा डाग आहे. चुलीत पडली होती लहानपणी." मग जरा थांबून, मला समजावल्यासारखं म्हणाली, "माझे तात तिचा मुलगा आहेत. ते गुरुवारी येतात. कोबीचा ट्रक आहे त्यांचा."

गास्पार दारात येऊन उभा राहिला होता. तो आत गेला. खोकलाही नाही.

देल्फिना माझ्या तोंडाकडे बघत होती. तिचा आवाज बदलला. "तुला माहीत नव्हतं?"

मी मान हलवली.

ती ओट्यावरून उठली, पुन्हा बसली. "त्यानं मला सांगितलंय की तुला सगळं माहीत आहे. लग्नाआधीपासून. तू मोठ्या मनाची आहेस, चालवून घेतेस म्हणून सांगितलंय. मी तुझ्यासाठी मेणबत्त्या लावल्यात, बाई."

मी तिच्या शेजारी बसले. मुलगी एकदा आईकडे, एकदा माझ्याकडे बघत होती. शेवटी तिनं विचारलं, "म्हणजे चूक झाली ना? मग दुरुस्त कराल?"

मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

जाताना तिनं माझ्या मागे जाऊन बाळ बघून घेतलं. "नाक तातांचं आहे," म्हणाली.

२४ मार्च

काल त्याच्याशी बोलता आलं नाही. तोंड उघडलं असतं तर बाळ घाबरलं असतं. आज ट्रकचं चाक बदलत होता, तिथेच अंगणात जाऊन उभी राहिले.

"तुझी मुलगी भेटली मला. आजी मेली का विचारत होती."

त्याच्या हातातला पाना खाली पडला नाही की काही नाही. त्यानं तो नीट पुसला, खोक्यात ठेवला. तेवढा वेळ हवा होता त्याला.

"सांगणारच होतो, तालिन."

"कधी?"

"लग्नाआधी. मग लग्न झालं. मग वाटलं, जरा रुळू दे. मग तू पोटुशी राहिलीस, अशा वेळी कोण सांगतं?"

"मग?"

"मग तूच नाव धरून बसलीस!" जणू माझाच गुन्हा. "नान नको म्हणत होती ना? मी काय सांगणार होतो? पहिल्या मुलीला आजीचं नाव नको म्हटलं असतं तर तूच विचारलं असतंस, का नको."

"म्हणून त्या पोरीच्या जिवंतपणी तिचं नाव काढून हिला दिलंस."

"काढलं कुठे? तिचं तिच्यापाशी आहे."

"तातांनी विचारलं कितवी. तू म्हणालास पहिली."

"तुझी पहिली, असं मनात होतं माझ्या."

मला हसू आलं. खरंच हसले मी, मोठ्यानं. तो चपापला.

देल्फिनाशी लग्न का नाही केलं, ते मग त्यानं सांगितलं. त्याच्या बापाचा आणि देल्फिनाच्या बापाचा बांधावरून वैरभाव होता. म्हातारा म्हणाला, ती पोरगी माझ्या प्रेतावरूनच घरात येईल. पुढे म्हातारा मेलाही. "पण तोवर," एलिआस म्हणाला, "तुझ्या तातांबरोबर सोयरीक ठरल्याची दारू पिऊन झाली होती."

म्हणजे म्हातारा थोडा आधी मेला असता तर माझ्या जागी ती असती. माझ्या आयुष्याचं मोल एवढंच.

जानेवारीत त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं ते कोणासाठी, हे मी त्याला विचारलं नाही.

२५ मार्च

नान मका निवडत होत्या. मी समोर बसले. त्यांनी मान वर न करता म्हटलं, "मी सांगितलं होतं तुला."

"काय सांगितलंत?"

"सांगता येईल तेवढं. एक बी दोन खड्ड्यांत..."

"ते सांगणं असतं, नान? मी तुमचा तिरस्कार केला तीन महिने. मला वाटलं, मी परक्या गावची म्हणून नाव देत नाही. तुम्ही वाटू दिलंत."

"ते बरं होतं," त्या म्हणाल्या. "माझ्यावर रागावलीस तर संसार टिकतो. त्याच्यावर रागावलीस तर मोडतो."

"आणि आख्ख्या गावाला माहीत."

"गावाला सगळंच माहीत असतं. गाव बोलत नाही म्हणून गाव आहे."

मी विचारलं, "तुम्ही माझ्या जागी असता तर?"

त्यांनी एक किडका दाणा बाजूला टाकला. मग म्हणाल्या, "तो माझा मुलगा आहे."

"आणि मी?"

"तू सून आहेस." वाईट बोलल्या असं नाही. पिवळा मका पिवळा आहे म्हणावं, तसं म्हणाल्या.

२७ मार्च

बाळाला बांधून चिरिखुयूला गेले. दरी उतरून चढताना वाटलं, आता माझ्या घरी जाते आहे, तिथे तरी कोणी दार लावून घेणार नाही.

माझे तात ओसरीवर कुऱ्हाडीला धार लावत होते. मला बघून उठले, नातीच्या कपाळाला हात लावला. मी पाणी प्यायले आणि सगळं सांगितलं. रडत सांगितलं. ते ऐकत होते. मधेमधे दगडावर पाणी टाकत होते. त्यांच्या चेहऱ्यावर नवल दिसेना.

मी पाण्याचं भांडं खाली ठेवलं.

"तात, तुम्हाला माहीत होतं."

धार लावण्याचा आवाज.

"तात!"

"पोरगा कष्टाळू होता," ते म्हणाले. "पीत नव्हता. ट्रक होता. ती गोष्ट मिटलीय असं त्याच्या चुलत्यानं सांगितलं. पुरुषाच्या मागे काहीतरी असतंच, तालिन. एक पोरगी होती, दारू नव्हती. मी मोजून पाहिलं."

"मला का नाही सांगितलंत?"

"तू नाही म्हणाली असतीस."

मी विचारलं, "आई असती तर?"

माझी आई मी लहान असताना ताप येऊन गेली. तातांनी पहिल्यांदा माझ्याकडे सरळ पाहिलं. ते लबाड नाहीत, हीच तर अडचण आहे. म्हणाले, "तिनं दिली नसती. भांडली असती माझ्याशी."

मग भाकरी खाऊन जा म्हणाले. मी खाल्ली. भूक लागली होती, दूध पाजायचं होतं. ज्याचा राग येतो त्याच्याच हातची भाकरी खावी लागते, याचा राग आणखी वेगळा.

परतीच्या वाटेवर आईचं नाव घेत आले. कागदावर मार्गारिता. घरात साकबे. पांढरी वाट. रात्री आभाळात असते ती. तीन वर्षांत मी हे नाव एकदाही उच्चारलं नव्हतं. रेडिओवर आख्ख्या मुलखाची नावं सांगते आणि आईचं नाव घ्यायला मला हे व्हावं लागलं.

२९ मार्च

तात शेपांकडे गेले. त्यांना विचारायला काही उरलं नव्हतं, तरी विचारलं.

"त्या मुलीचं नावही तुम्हीच ठेवलंत?"

"मीच."

"आणि माझ्या मुलीचंही."

"बापाच्या तोंडचं मी उलटवत नाही, पोरी. उलटवायला लागलो तर गावात एकही नाव शिल्लक राहणार नाही."

"ठीक आहे. दुसऱ्या मुलीला कोणाचं नाव देतात, तात?"

ते माझ्याकडे बारीक डोळे करून बघत राहिले. "आईच्या आईचं. हे तूच दर सोमवारी सांगतेस."

"मग धूप काढा."

"एकदा ठेवलेलं नाव असं..."

"ते ठेवलेलं नव्हतं. उसनं आणलं होतं. जिचं आहे तिनं येऊन मागितलं."

त्यांनी विचारलं, बाप कुठे आहे, त्याच्या तोंडून हवं. मी म्हटलं, त्याच्या तोंडून एकदा घेऊन पाहिलंत. या खेपेला माझ्या तोंडून घ्या. मला वाटलं होतं, नाही म्हणतील. म्हातारा उठला, कुरकुरत कोळसे पुढे ओढले. मेणबत्त्या त्यांच्याच घरच्या लावल्या. बघायला कोणी नव्हतं. त्यांची मांजर होती.

"कितवी मुलगी?" त्यांनी विधीप्रमाणे विचारलं.

"दुसरी," मी म्हटलं. हा शब्द घशातून काढताना जे झालं ते बाळंतपणातही झालं नव्हतं. माझी पहिली, एकुलती, माझ्या पोटची, आणि मीच तिला दुसरी म्हणते आहे.

३० मार्च

गास्पारला मी आधीच वाचून दाखवलं. तो खोकून म्हणाला, "हे लावायचं? तुला याच गावात राहायचंय ना?"

"मी बोलले नाही तरी गावाला माहीत आहेच. फक्त त्या पोरीला माहीत नाही की गावाला माहीत आहे."

त्यानं बटण दाबलं.

मी म्हटलं, "फेब्रुवारीत मी एक बातमी चुकीची सांगितली. ती दुरुस्त करते. नान पेत्रोनाची पहिली नात इश्कानिल. चुइशाकच्या देल्फिनाची आणि पाचाखच्या एलिआस इश्कोयची मुलगी. ती शाळेत जाते. आजीचं नाव तिचं आहे, आजीनं स्वतःच्या हातानं दिलेलं, आणि ते तिच्याचकडे आहे. एलिआसची दुसरी मुलगी माझी. तिचं नाव साकबे, माझ्या आईकडून आलेलं, पांढरी वाट."

पुढे दोन नावं वाचायची होती, वरच्या आळीतली. ती वाचली. आवाज नीट होता. मग गास्पारनं मारिंबा वाद्याची तबकडी लावली आणि मी मागच्या खोलीत जाऊन टेबलाची कड धरून उभी राहिले.

एलिआस त्या वेळी गावच्या भाजीच्या आवारात गोणी भरत होता. तिथे रेडिओ चालू असतो. नंतर कळलं की सगळे हमाल गप्प झाले, एकजण म्हणाला, "चला, एकदाचं झालं," आणि पुन्हा गोणी उचलायला लागले.

एवढंच. मला वाटलं होतं, आभाळ कोसळेल.

३ एप्रिल

नाननी आज त्यांचं सणाचं पोलकं काढलं, केस नव्या फितीनं बांधले. टोपलीत अंडी. "चुइशाकला जाऊन येते," म्हणाल्या. किती वर्षं जाता आलं नव्हतं त्यांना, उघडपणे. दारात थांबल्या.

"येतेस?"

"नाही."

"देल्फिना तुझी चौकशी करते."

"मी जाईन तिच्याकडे. तुमच्याबरोबर नाही."

त्या गेल्या. वाटेवर चालताना दहा वर्षांनी लहान दिसत होत्या. मला आनंद व्हायला हवा होता.

१० एप्रिल

सकाळी अंगणातून शीळ ऐकू आली. एलिआस ट्रक धुत होता आणि शीळ घालत होता. लग्न झाल्यापासून मी त्याला शीळ घालताना ऐकलं नव्हतं. घालतो हेच माहीत नव्हतं. काल गुरुवार होता. काल जाताना त्यानं मला सांगून, सरळ सांगून, मुलीसाठी वह्या घेतल्या. परत आल्यावर मुलगी काय म्हणाली ते जेवताना सांगत होता. नान हसत होत्या. दोघांची भूक वाढली आहे. घरात असं मोकळं वारं खेळतंय की कोणी बाहेरचं आलं तर म्हणेल, किती सुखी माणसं.

मी त्यांचं ओझं उतरवलं. मला ते करायचं नव्हतं. त्यांना लाज वाटावी, हे मला हवं होतं. देल्फिनाला सांगितलं तर तीच म्हणाली, "त्याला लाज वाटून आपल्याला काय मिळणार होतं? मला सात वर्षं वाटत होतं, वाटेल." आम्ही तिच्या मागापाशी बसलो होतो. तिनं मला आंबील दिली. करपली होती. मी काही बोलले नाही.

आज शीळ घालून झाल्यावर तो हात पुसत आत आला. म्हणाला, "तालिन, आता सगळं ठीक झालं ना?"

"तुझं झालं."

त्याला समजलं नाही. किंवा समजलं. तो मुलीच्या झोळीवर वाकला, नेहमीसारखी बोटं नाचवली आणि म्हणाला, "काय गं इश्कानिल, उठलीस का?"

"इश्कानिल इथे राहत नाही," मी म्हटलं. "ती चुइशाकला राहते."

तो वाकलेलाच राहिला. मुलगी त्याचं बोट धरून तोंडात घालायला बघत होती.

"हिचं नाव घे."

तो काहीतरी पुटपुटला. नाव ठेवण्याच्या दिवशी पुटपुटला होता, तसंच.

"ऐकू आलं नाही," मी म्हटलं. "मोठ्यानं घे."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. मी काहीच केलं नाही, नुसती उभी राहिले. मग त्यानं माझ्या आईचं नाव घेतलं, मोठ्यानं, आणि मी त्याला ते पुन्हा घ्यायला लावलं.